तेजस गुंडाळा म्हणणाऱ्यांना

निफाडचा नाना: काल इथे एका विद्वानाने आपल्याकडे बनणाऱ्या तेजस लढाऊ विमानाबद्दल लिहिलं, "तेजस म्हणजे चाळीस वर्षांचा खेळखंडोबा. गुंडाळा आणि सरळ फ्रान्सची 114 राफेल घ्या." डोकं फिरलं म्हणून लिहितोय. 2007 साली 126 विमानांचं टेंडर निघालं, 2012 ला राफेल निवडलं, 2015 ला सगळं बासनात. हाती आली 36, तीही 2020 पासून पुढे. "सरळ घ्या" म्हणजे काय ते हे. दारात सकाळी दुधाची पिशवी येते, विमान नाही.

पेठी तिरकस: तो विद्वान मीच. नाव घेतलं असतंत तरी चाललं असतं. हवाई दलाला मंजुरी लढाऊ विमानांच्या 42 स्क्वाड्रनची, म्हणजे तुकड्यांची. सप्टेंबर 2025 ला चंदीगडला मिग-21 ला निरोप दिला, उरल्या 29. पाकिस्तान 2022 पासून चिनी बनावटीचं जे-10सी उडवतोय, चीनचं जे-20 वेगळंच. आणि आपण? तेजसच्या सुधारित मॉडेलची, 83 मार्क-1ए ची, ऑर्डर फेब्रुवारी 2021 ची, पहिलं विमान 2024 च्या मार्चपर्यंत यायचं होतं. 2025 च्या बंगळुरूच्या एअर शोमध्ये खुद्द हवाई दलप्रमुख म्हणाले की तेजस बनवणाऱ्या एचएएल या सरकारी कंपनीवर भरवसा वाटत नाही. मी नाही, ते.

निफाडचा नाना: अर्धंच सांगा. तेजसचं एफ404 इंजिन अमेरिकेचं. ऑर्डर 2021 ची, त्यातलं पहिलं इंजिन मार्च 2025 ला आलं. सांगाडे तयार, पोटात काही नाही. राफेल घेतलं तरी चावी दुसऱ्याच्याच खिशात.

जुना फिटर: पंधरा वर्षं मिग-21 च्या पोटाखाली काढली आहेत. 1991 ला सोव्हिएत संघ फुटला आणि सुट्या भागांचा दुष्काळ पडला. रबराच्या एका सीलसाठी, करंगळीएवढ्या, धडधाकट विमान हँगरमध्ये उभं. मग त्याचाच पंप काढून शेजारच्याला लावायचा, त्याच्या चाकाचं बेअरिंग तिसऱ्याला. सहा महिन्यांनी त्या विमानाकडे बघवत नसे. तेव्हा परदेशी मालाचं कौतुक मला सांगू नका. उशिराचं समर्थनही करत नाहीये, हे लक्षात घ्या.

विमाननगरी: सगळं ठीक, पण पुण्याच्या लोहगाव विमानतळाचं काय? हवाई दलाच्या सुखोई विमानांनी धावपट्टी अडवली म्हणून आम्ही पुणेकर किती सोसायचं? ऑक्टोबर 2021 ला धावपट्टीच्या कामासाठी चौदा दिवस एकही विमान नव्हतं. पुरंदरचा नवा विमानतळ कधी होणार?

पेठी तिरकस: धागा कशाचा, हे काय?

अंजीरवाला: पुरंदर कधी होणार म्हणे! सात गावं आहेत तिथे. पारगावात आमची अंजिराची बाग आहे, आजोबांनी लावलेली. तुम्हाला दिल्लीची सकाळची फ्लाइट हवी म्हणून आम्ही बाग तोडायची?

विमाननगरी: मोबदला मिळतो ना!

अंजीरवाला: तुमची सोसायटी द्या, चौपट देतो.

विमाननगरी: भाषा सांभाळा.

अंजीरवाला: सोसायटी ही शिवी कधीपासून झाली?

जुना फिटर: भांडण थांबवा. लोहगाव आधी हवाई दलाचं, मग तुमचं. 2002 ला सुखोई-30 एमकेआय तिथेच दलात आली. धावपट्टी त्यांची, तुम्ही तिच्यावर उतरता.

विमाननगरी: म्हणजे आम्ही भाडेकरू. कळलं.

निफाडचा नाना: मूळ मुद्दा बाजूलाच राहिला. ऑक्टोबर 2025 ला नाशिकजवळच्या ओझरला बनलेलं पहिलं मार्क-1ए उडालं. मी द्राक्षाच्या डिपिंगला, म्हणजे घड औषधात बुडवायला, होतो. हात औषधात, मान वर. मजुरांनी काम सोडलं, मीही सोडलं.

पेठी तिरकस: उडालं, मान्य. पण आकाशात उडालेलं आणि स्क्वाड्रनमध्ये दाखल झालेलं यात फरक असतो, नानासाहेब. तेजस गुंडाळा हे माझे शब्द मागे. 97 ची दुसरी ऑर्डर दिलीच आहे, पैसे गेलेच आहेत, तर घ्या. पण राफेलही घ्या.

निफाडचा नाना: अरे, मग कालपासून भांडत होतो कशाला?

पेठी तिरकस: तुम्ही मला विद्वान म्हणालात म्हणून.

अंजीरवाला: विमाननगरी, सोसायटीचं काय ठरलं?