टी-टेस्ट: आकडे तेच, पी-व्हॅल्यू दोन. कोणती धरायची?

दशांश
टी-टेस्ट (दोन सरासऱ्यांमधला फरक निव्वळ योगायोगाचा असू शकेल का, हे तपासणारी चाचणी) शिकण्यासाठी आर सॉफ्टवेअरमधला 'स्लीप' हा डेटा घेतला आहे. झोपेच्या दोन औषधांनी झोप किती तासांनी वाढली, त्याचे हे आकडे:

पहिले औषध: ०.७, −१.६, −०.२, −१.२, −०.१, ३.४, ३.७, ०.८, ०.०, २.०
दुसरे औषध: १.९, ०.८, १.१, ०.१, −०.१, ४.४, ५.५, १.६, ४.६, ३.४

सरासरी ०.७५ आणि २.३३. एक्सेलचे टी-टेस्ट फंक्शन शेवटी प्रकार विचारते: १ म्हणजे जोडीने, २ म्हणजे दोन वेगळे गट आणि विखुरणे सारखे, ३ म्हणजे दोन वेगळे गट आणि विखुरणे वेगळे. ३ टाकला की पी-व्हॅल्यू (खरा फरक नसतानाही एवढा किंवा याहून मोठा फरक योगायोगाने दिसण्याची शक्यता) ०.०७९, २ टाकला तरी ०.०७९, आणि १ टाकला की एकदम ०.००२८. आधी एफ-टेस्ट (दोन गटांतले विखुरणे सारखे आहे का ते पाहणारी चाचणी) करून मग प्रकार ठरवायचा असतो का? शिवाय नववी जोडी (०.० आणि ४.६) खटकते. ती काढून टाकावी का?

लंबक
प्रकार १. पण पी लहान येते म्हणून नव्हे. दोन्ही ओळींत माणसे तीच दहा आहेत, प्रत्येकाला दोन्ही औषधे दिली होती, म्हणून. आरमध्ये औषधाच्या रकान्याचे नाव 'ग्रुप' आहे, त्यामुळे वीस वेगवेगळी माणसे असावीत असे वाटते. संख्याशास्त्रज्ञ गॉसेटने 'स्टुडंट' या नावाने १९०८ साली जो निबंध लिहिला, त्यात हेच आकडे माणसागणिक फरक काढून तपासले होते.

एकदा हाताने करून बघा. दुसऱ्यातून पहिले वजा करा: १.२, २.४, १.३, १.३, ०, १.०, १.८, ०.८, ४.६, १.४. सरासरी १.५८, स्टँडर्ड डेव्हिएशन (आकडे सरासरीभोवती किती विखुरले आहेत त्याचे माप) १.२३. त्याला १० च्या वर्गमुळाने भागले की स्टँडर्ड एरर, म्हणजे सरासरीतली अनिश्चितता, ०.३८९. मग टी = १.५८ ÷ ०.३८९ = ४.०६, डिग्रीज ऑफ फ्रीडम (इथे जोड्यांच्या संख्येतून एक वजा) ९.

प्रकार ३ मध्ये वरचा अंक तोच, १.५८. बदलतो तो छेद: ०.८४९. कारण कुणाची झोप मुळातच औषधाने साडेतीन तास वाढते, तर कुणाची उलट घटते. माणसामाणसांतली ही तफावत छेदात जाऊन बसते आणि टी १.८६ वर येतो. जोडीने वजाबाकी केली की ती तफावत निघून जाते. इथे दोन ओळींमधला कोरिलेशन (दोन्ही आकडे एकत्र किती वर-खाली होतात त्याचे माप, जास्तीत जास्त १) ०.८० च्या आसपास आहे, म्हणून फायदा एवढा मोठा दिसतो.

सहाण
लंबक यांच्याशी सहमत. एफ-टेस्टबद्दल: करू नका. माणसे वेगवेगळी असतील तर सरळ प्रकार ३, म्हणजे वेल्च, घ्या. आकडे थोडे असताना एफ-टेस्टला खरा फरकही सापडत नाही, आणि वितरण जरा वाकडे असले की ती उगाच बोंब मारते. दोन्ही गटांत संख्या सारखी असेल तर प्रकार २ आणि ३ चा टी एकच येतो, फक्त डिग्रीज ऑफ फ्रीडम १८ ऐवजी १७.७८ होतात. तुम्हाला दोन्हीकडे ०.०७९ दिसले ते त्यामुळे. खरा धोका संख्या विषम असताना आहे: लहान गटात विखुरणे जास्त असेल, तर प्रकार २ ची पी खऱ्यापेक्षा लहान येते.

आणखी एक चूक फार होते. दोन्ही रकाने वेगवेगळे सॉर्ट करू नका. याच आकड्यांवर करून पाहा: सरासरी फरक १.५८ च राहतो, पण टी ४.०६ वरून ९.२७ वर जातो. जोड्या तुटल्या आणि निकाल मात्र झकास दिसतो! एक्सेल काही तक्रार करत नाही. म्हणून माणसाचा क्रमांक वेगळ्या रकान्यात ठेवाच.

आर वापरत असाल तर: ४.४.० आवृत्तीपासून फॉर्म्युल्यासोबत 'पेअर्ड' हा पर्याय दिला की एरर येते. दोन ओळी स्वतंत्र व्हेक्टर म्हणून द्या.

अंशछेद
नववी जोडी काढू नका. मोजताना किंवा लिहिताना चूक झाल्याचा पुरावा नसेल तर आकडा राहतो. ती काढली तर काय होते तेही बघण्यासारखे आहे: सरासरी फरक १.५८ वरून १.२४ वर उतरतो, पण टी चढून ५.६६ होतो! ४.६ मुळे सरासरी वाढते त्यापेक्षा विखुरणे जास्त वाढते. म्हणजे ती जोडी तुमचा निकाल फुगवत नाहीये, उलट दाबते आहे.

नॉर्मॅलिटी (वितरण घंटेच्या आकाराचे आहे का) बघायची ती दहा फरकांची, मूळ दोन रकान्यांची नव्हे. शंका असेल तर साइन टेस्ट (फरकांची फक्त अधिक-उणे चिन्हे मोजणारी चाचणी) जोडीला द्या. पाचवा फरक शून्य आहे, तो गळतो. उरलेले नऊच्या नऊ एकाच दिशेला, म्हणून पी = २ ÷ ५१२ = ०.००३९. निष्कर्ष तोच.

दशांश
आभार. वजाबाकी हाताने केली, ४.०६ जुळले. निकाल लिहिताना नुसती पी पुरेल का?

लंबक
नाही. किती तासांचा फरक, हे वाचणाऱ्याला आधी हवे असते. एक्सेलचे टी-टेस्ट फंक्शन फक्त पी देते, म्हणून फरकांसाठी कॉन्फिडन्स-टी फंक्शन चालवा: ०.०५ (९५ टक्क्यांसाठी), १.२३ (स्टँडर्ड डेव्हिएशन), १० (जोड्या). उत्तर ०.८८; सरासरीतून ते वजा आणि मिळवले की कॉन्फिडन्स इंटरव्हल, म्हणजे खरा फरक ज्या पल्ल्यात असावा तो पल्ला, मिळतो. मग असे लिहा: 'दुसऱ्या औषधाने झोप सरासरी १.५८ तास जास्त वाढली, ९५ टक्के कॉन्फिडन्स इंटरव्हल ०.७० ते २.४६ तास; जोडीची टी-टेस्ट, टी = ४.०६, डिग्रीज ऑफ फ्रीडम ९, पी = ०.००२८.'