'फिल्मनामेनवीस'ला मराठीत काय म्हणाल?

खडूबहाद्दर: अब्दुलहुसेन सेपन्तावर लेख लिहितोय. पहिला फारसी बोलपट 'दोख्तर-ए-लोर' (१९३३) इराणात नव्हे, मुंबईत झाला, अर्देशीर इराणींच्या इंपीरियल कंपनीत. लिखाण सेपन्ताचं, आणि नायक जाफरही तोच. इराणी लोक त्याला 'फिल्मनामेनवीस' म्हणतात. मी 'पटकथाकार' लिहिलं, संपादकांना 'पटकथालेखक'च हवंय. कारण सांगत नाहीत.

भाकरतुकडा: नाटककार, कादंबरीकार चालतात, मग पटकथाकारानं काय घोडं मारलंय?

मोडीवाचक: दोन्ही सोडा. फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा, आपल्या घरात आहेच: चिटणीस, सबनीस, पारसनीस. 'पटनीस' म्हणा!

शुद्धमती: महाराजांनी राजव्यवहारकोश करवून घेतला तो फारसी शब्दांना पर्याय द्यायला. दिग्दर्शक, बोलपट या शब्दांचं श्रेय सावरकरांना देतात. आणि तुम्ही मागल्या दारानं नवीस आत घेताय.

मोडीवाचक: कोश झाला तरी पेशवाईत चिटणीस राहिलेच की. अर्ज, वकील, दुकान हे तिन्ही न वापरता आठवडा काढून दाखवा.

टपालहंशील: मुळात 'फिल्मनामे' सेपन्ताच्या काळचा शब्दच नाही, पुढे रुळला. आधी फ्रेंच वळणाचा 'सेनारियो' होता. शिवाय मराठीत 'नामा' म्हटलं की पंचनामा नाहीतर करारनामा. पडद्याजवळ तो नकोच.

मांडवीकाठ: दोख्तर म्हणजे आपली दुहिताच ना? आमच्या कोंकणीत मुलगी म्हणजे 'धूव'. गायीचं दूध काढते ती दुहिता, असं शाळेत सर सांगायचे.

टपालहंशील: दुहिता-दोख्तर एकाच कुळातले, मान्य. दुधाची गोष्ट इतकी गोड आहे की मला संशय येतो.

खडूबहाद्दर: मंडळी, माणसाकडे या जरा. १९३४ ला 'फिरदोसी', मग 'शिरीन-फरहाद', नादिरशहाच्या स्वारीवरचा 'चश्महा-ए-सियाह', आणि कलकत्त्यात 'लैला-मजनू'. लिहिणारा तोच, दिग्दर्शकही तोच. इराणला परतल्यावर मात्र पुन्हा कथापट करायला मिळाला नाही, इस्फहानात वर्तमानपत्र चालवलं. नुसतं 'पटकथालेखक' लिहिलं तर निम्मा माणूस गळतो.

भाकरतुकडा: मग 'चित्रपटकार' लिहा. संपादकांचा लेखकही नको, तुमचा पटकथाकारही नको.

शुद्धमती: चित्रपटकार चालेल. 'पटनीस' मात्र आडनाव वाटतं.

मोडीवाचक: आडनावंच तर शब्द टिकवतात. फडणवीस घ्या, मूळ 'फर्दनवीस'. फर्द म्हणजे हिशेबाचा कागद.

भाकरतुकडा: छे, फडावर बसून लिहिणारा तो फडनवीस. फड म्हणजे कचेरी, अस्सल देशी.

मोडीवाचक: मग तो 'ण' कुठून आला?

मांडवीकाठ: आणि फर्दमधला 'र' कुठे गेला?