सरासरी वेग काढताना दोन वेगांची सरासरी का चालत नाही?

प्रश्न:
आठवीत शिकणाऱ्या माझ्या मुलीला पुढील उदाहरण होते : एक मोटार ताशी 40 किमी वेगाने एका गावी जाते आणि त्याच रस्त्याने ताशी 60 किमी वेगाने परत येते, तर संपूर्ण प्रवासातील तिचा सरासरी वेग किती? मुलीने दोन्ही वेगांची बेरीज निम्मी करून 50 हे उत्तर काढले, परंतु उत्तरसूचीत 48 आहे. दोन वेगांच्या गुणाकाराच्या दुपटीला त्यांच्या बेरजेने भागावे, असे सूत्र मार्गदर्शकात दिले आहे आणि त्याने 48 येतातही. मात्र ते सूत्र आले कोठून, आणि अंतर दिलेलेच नसताना उत्तर निघते कसे, या तिच्या शंकांचे निरसन मला करता येत नाही.

उत्तर 1:
सूत्र तूर्त बाजूला ठेवावे. सरासरी वेग म्हणजे एकूण अंतर भागिले एकूण वेळ, एवढी एकच व्याख्या पुरेशी आहे. एका बाजूचे अंतर 120 किमी मानू. 40 आणि 60 यांचा लसावि घेतल्यामुळे अपूर्णांक टळतात. जाताना 3 तास लागले, येताना 2 तास. एकूण 240 किमी अंतर 5 तासांत कापले, म्हणून सरासरी वेग ताशी 48 किमी. मोटार ताशी 40 किमी वेगाने अधिक काळ धावली, त्यामुळे सरासरी त्या बाजूला झुकली.

आता अंतर 60 किमी धरून पाहावे. दीड तास आणि एक तास मिळून अडीच तास होतात, आणि 120 ला अडीचने भागल्यास पुन्हा 48 च येतात. अंतर अंशातही असते आणि छेदातही असते, म्हणून ते निघून जाते. संख्येऐवजी अक्षर घेऊन हीच मांडणी केली की मार्गदर्शकातले सूत्र आपोआप तयार होते.

उत्तर 2:
वरील स्पष्टीकरण योग्य आहे, फक्त एक पुरवणी. मुलीचे 50 हे उत्तर अगदीच निराधार नाही. ते वेगळ्या प्रश्नाचे उत्तर आहे. मोटार 2 तास ताशी 40 किमी आणि पुढचे 2 तास ताशी 60 किमी वेगाने धावली असती, तर 4 तासांत 200 किमी झाले असते आणि सरासरी 50 च आली असती. वेळा समान असतील तर साधी सरासरी चालते, अंतरे समान असतील तर चालत नाही. सूत्र पाठ करून घेणाऱ्या बहुतेक पुस्तकांत नेमकी ही अट गाळलेली असते, हे मला खटकते.

तिला हे विचारून पाहा : 60 किमीचा प्रवास सरासरी ताशी 60 किमी वेगाने करायचा आहे, परंतु पहिले 30 किमी ताशी 30 किमी वेगाने झाले, तर उरलेले अंतर कोणत्या वेगाने कापावे? बहुतेक मुले 90 सांगतात. वास्तविक संपूर्ण प्रवासासाठी असलेला एक तास पहिल्या टप्प्यातच संपलेला असतो, म्हणून कोणताही वेग पुरेसा ठरत नाही.

प्रश्नकर्ता:
मनःपूर्वक आभार. तिनेही आधी 90 च सांगितले, आणि वेळेचा हिशेब मांडल्यावर स्वतःच खोडले. आता तिचा नवा प्रश्न असा, की समान अंतराचे तीन टप्पे असतील तर गुणाकाराच्या तिप्पट घ्यायची का?

उत्तर 1:
नाही, तसे केल्यास उत्तर चुकेल. समजा तीन समान टप्प्यांतील वेग ताशी 20, 30 आणि 60 किमी आहेत. प्रत्येक टप्पा 60 किमीचा धरल्यास 3, 2 आणि 1 असे एकूण 6 तास लागतात. 180 भागिले 6 म्हणजे ताशी 30 किमी. साधी सरासरी मात्र 36 पेक्षा थोडी अधिक येते. टप्पे कितीही असोत, प्रत्येक टप्प्याचे अंतर, वेग आणि वेळ असा तीन रकान्यांचा तक्ता करून वेळेचा रकाना आधी भरण्याची सवय लावावी. तो भरताना 20 मिनिटे म्हणजे 0.20 तास असे तर लिहिले जात नाही ना, एवढे पाहावे. ते एक तृतीयांश तास असतात.