मोटर टीपीचा आयबीएनआर: कोविडचं वर्ष आणि सहा महिन्यांची अट कशी धरायची? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, इथे जनरल इन्शुरन्सवाले किंवा ॲक्च्युअरीचे पेपर देणारे कोणी असतील तर प्लीज वाचा. मी अंधेरीला एका विमा कंपनीत फायनान्सला होते, आता रिझर्व्हिंगला (पुढे द्याव्या लागणाऱ्या क्लेमची रक्कम आधीच बाजूला काढायचं काम) आलेय आणि मोटर माझ्याकडे आहे.

ओडीचं (स्वतःच्या गाडीचं नुकसान) काही अडत नाही, गाडी ठोकली, गॅरेजचं बिल आलं, काही महिन्यांत फाइल बंद. टीपी (थर्ड पार्टी, म्हणजे आपल्या गाडीमुळे दुसऱ्याचं झालेलं नुकसान) मात्र वर्षानुवर्षं चालतं. समजा आज सायन-पनवेल हायवेवर कोणी गेलं, तर घरचे ट्रिब्युनलमध्ये (मोटार अपघातांच्या भरपाईचं न्यायाधिकरण) अर्ज करणार, मग तारखा, मग निकाल, वर हायकोर्टात अपील, आणि मृत्यू किंवा इजा असेल तर कंपनीच्या देण्याला वरची मर्यादाच नाही, मालमत्तेचं नुकसान तेवढं, कार असेल तर, साडेसात लाखांवर थांबतं. ही सगळी रक्कम आत्ताच बाजूला ठेवायची, आणि ज्या अपघातांची आपल्याला अजून खबरच नाही त्यांचीसुद्धा, तोच आयबीएनआर.

आमच्याकडे चेन लॅडर पद्धत वापरतात. त्रिकोणी तक्ता (ट्रँगल) असतो, अपघाताचं वर्ष उभं, पुढची वर्षं आडवी, आणि आधीचे क्लेम किती पटीने वाढले त्यावरून नव्यांचा अंदाज. पहिल्या वर्षाअखेर १०० क्लेम नोंदले आणि दुसऱ्या वर्षाअखेर १६० झाले, तर फॅक्टर १.६. पण जुना वेग पुढेही तसाच राहणार हे यात गृहीत धरलेलं असतं, आणि माझं सगळं तिथेच अडलंय.

एक म्हणजे २०२०-२१. रस्ते रिकामे होते म्हणून अपघात कमी, त्या अपघात-वर्षाची ओळ लहान दिसते, ते ठीक, गुणोत्तर त्याने बिघडत नाही. पण ट्रिब्युनलचं काम रखडलं, त्यामुळे पेमेंटच्या ट्रँगलमध्ये तो अख्खा तिरका पट्टा (त्या एका वर्षात सगळ्या जुन्या-नव्या अपघातांवर दिलेले पैसे) कमी आणि नंतरचा फुगलेला. टीममधले काही म्हणतात ती ओळ काढून टाक, पण बिघाड तिरक्या पट्ट्यात असताना ओळ काढून काय होणार?

दुसरं म्हणजे १ एप्रिल २०२२ पासून अपघातानंतर सहा महिन्यांत अर्ज करायची अट. १९९४ च्या दुरुस्तीनंतर मुदतच नव्हती, लोक कितीतरी उशिरा यायचे. आता क्लेम लवकर नोंदले जातात, म्हणजे वरच्याच उदाहरणात पहिल्या वर्षालाच १४० आले आणि मी १.६ ने गुणलं तर २२४, खरे कदाचित १६० च असतील. उगाच फुगलेला रिझर्व्ह! पण फॅक्टर खाली आणायला नव्या वर्षांचा डेटा फारच थोडा आहे.

म्हणून नव्या वर्षांना बोर्नह्यूटर-फर्ग्युसन पद्धत (न आलेल्या क्लेमसाठी आधीच धरलेल्या अंदाजावर भिस्त ठेवणारी) लावावी असं मला वाटतं. त्यात सुरुवातीचा लॉस रेशो (प्रीमियमच्या किती टक्के क्लेममध्ये जाणार तो) लागतो, तो कुठून आणायचा? टीपीचे दर सरकार ठरवतं, २०२२ च्या जूनमध्ये बदलले होते, आणि निवाडे मात्र लोकांच्या पगाराबरोबर वाढत जातात, शिवाय सुप्रीम कोर्टाच्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे अंत्यसंस्कार वगैरेंच्या ठरावीक रकमा दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात. म्हणजे जुना रेशो तसाच उचलला तर रिझर्व्ह कमी पडेल ना?

हे कमी पडणं मला फार गंभीर वाटतं. कमर्शियल गाड्यांच्या टीपी पूलमध्ये (सगळ्या कंपन्यांनी मिळून वाटून घेतलेला टीपीचा धंदा) तरतूद अपुरी निघाली, २०११ मध्ये नियामकाने ती वाढवायला लावली आणि कंपन्यांच्या ताळेबंदाला मोठा फटका बसला. आणि शेवटी हे पैसे कोणाच्या तरी विधवेचे, मुलांचे आहेत हो.

तर नक्की विचारायचंय ते असं. क्लेमची संख्या आणि सरासरी रक्कम वेगळी काढून संख्येलाच फक्त नवा वेग लावला तर चालेल का? आणि कोविडच्या तिरक्या पट्ट्याला कमी वेटेज दिलं तर त्याचं कारण अपॉइंटेड ॲक्च्युअरींना (कंपनीच्या रिझर्व्हवर सही करणारे) तुम्ही कागदावर कसं लिहून दिलंत? ज्यांनी प्रत्यक्ष केलंय त्यांनी प्लीज सविस्तर सांगा, मार्चचं क्लोजिंग जवळ आलंय.