मूळ टेप ऐकवा, मग घाला काय फोडणी घालायची ती

काही जण म्हणतात की गेलेल्या गायकाच्या अर्धवट गाण्यांना कुणी हातच लावू नये. जरा टोकाचं वाटतं मला. मायकल जॅक्सन २००९ मध्ये गेला, त्यानंतर त्याच्या अप्रकाशित गाण्यांचे दोन अल्बम निघाले; पण दोन्ही एकाच तागडीत तोलू नका. २०१० च्या 'मायकल'मधल्या तीन गाण्यांत आवाज त्याचाच की दुसऱ्याचा, यावरून कोर्टकचेऱ्या झाल्या आणि २०२२ मध्ये ती स्ट्रीमिंगवरून काढली. तिथं चाहते चिडले ते रास्तच.

२०१४ च्या 'एक्सस्केप'मध्ये आठ जुनी गाणी टिम्बलँड वगैरे संगीत-निर्मात्या मंडळींनी नव्यानं सजवली, पण डिलक्स आवृत्तीत मूळ रेकॉर्डिंगही दिली. म्हणजे झाकपाक नाही.

कोल्हापुरात राजारामपुरीत माझा एक मित्र आहे, ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवतो. त्याच्या हेडफोनवर 'लव्ह नेव्हर फेल्ट सो गुड'ची दोन्ही रूपं पाठोपाठ लावली. मूळ १९८३ चं: गायक-गीतकार पॉल अँकाचा पियानो, चुटक्या आणि मायकलचा मोकळा, मजेत असलेला आवाज. बस्स. नव्यात डिस्कोचा ठेका आणि व्हायोलिनांचा ताफा. गडी म्हणाला, "भावा, नाचायला नवं झ्याक हाय, पर जुन्यात माणूस ऐकू येतोय." मलाही जुनंच आवडलं, पण नवं निघालं नसतं तर ते कपाटातच राहिलं असतं की!

गायक जस्टिन टिंबरलेकला जोडीला घेऊन त्याच गाण्याचं आणखी एक रूप काढलं, तो मात्र निव्वळ धंदा.