सारसबागेतलं तळं नेमकं कुठंय? आईबाबांना दाखवायचंय, सल्ला द्या

मुक्काम_पोस्ट_वाकड
नमस्कार मंडळी. पुढच्या आठवड्यात नांदेडहून आईबाबा येतायत, सोबत माझी सहा वर्षांची भाची. बाबांना तळ्यातला गणपती बघायचाय. त्यांच्या डोक्यात असं की मोठं तळं असणार, मधे देऊळ, आणि बोटीतून जायचं!! मी पुण्यात चार वर्षं आहे पण सारसबागेत गेलोय एकदाच, तेही रात्री भेळ खायला, तेव्हा तळं काही दिसलं नाही. तर तळं कुठल्या गेटने जवळ पडतं? बाबांचे गुडघे दुखतात, फार चालणं नको. आणि पोरीसाठी पण काहीतरी सुचवा.

पर्वतीपायथा
अहो तुम्ही भेळ खात होतात ना, ते तळ्यातच बसून 😄
म्हणजे झालंय असं की नानासाहेब पेशव्यांनी पर्वतीच्या टेकडीवर देवदेवेश्वराचं देऊळ बांधलं आणि 1750 च्या सुमाराला खाली आंबिल ओढ्याचं पाणी अडवून तळं केलं, चांगलं 25 एकराच्या आसपास. मधे एक बेट मुद्दाम ठेवलं, त्यावर बाग केली, ती मूळची सारसबाग. पुढे 1784 मधे सवाई माधवरावांनी त्या बेटावर सिद्धिविनायक बसवला (तेव्हा ते स्वतः दहा वर्षांचे!). नंतर तळं गेलं, तळाची बाग झाली आणि बेटाचं नाव सगळ्या बागेला पडलं. आता देवळाभोवती कमळांचं छोटं कुंड आहे तेवढंच पाणी. पण नाव अजून तळ्यातला गणपतीच, आमच्या आजीने आयुष्यात कधी सारसबाग म्हटलं नाही, "तळ्यातल्या गणपतीला जाऊन येते" एवढंच.

चहाबाज_सदाशिव
बोटिंग पेशव्यांनी करून घेतलं, आपल्या वाट्याला हिरवळ आली.
बाबांना ही गोष्ट सांगा, खूश होतील. पेशवे या तळ्यात नावेतून फिरायचे आणि राजकारणाची गुप्त बोलणी नावेतच चालायची, म्हणून नावाडी हबशी ठेवलेले, त्यांना मराठी कळू नये म्हणून. खरंखोटं नानासाहेब जाणे, पण पुण्यात असंच सांगतात.

दोन_पोरांची_आई
इतिहास झाला असेल तर कामाचं बोलू का 🙂
रविवारी संध्याकाळी अजिबात नको, पाय ठेवायला जागा नसते आणि गाडी लावायला तर त्याहून नाही. मागे आम्ही पाऊण तास जागा शोधत फिरलो आणि शेवटी देवाला बाहेरूनच नमस्कार करून घरी. मेट्रोने स्वारगेटला उतरा आणि तिथून रिक्षा करा. मधल्या वारी सकाळी सात-साडेसातला गेलात तर बागेत फक्त चालायला येणारे आजी-आजोबा आणि हास्यक्लबवाले. देऊळ बेटावर, म्हणजे उंचावर, त्यामुळे थोड्या पायऱ्या आहेत, बाबांना हळूहळू जमतील. पर्वतीच्या 103 मात्र खालूनच बघू दे.
पोरीला कुंडाच्या कठड्यापाशी जरा वेळ उभं करा. कमळाच्या पानांमधून कासव फक्त नाक वर काढतं, बुडबुडा येतो आणि परत गायब. माझा धाकटा अर्धा तास हलला नव्हता, शेवटी खिचडीचा डबा तिथेच उघडावा लागला.
थंडीत आलात तर बाप्पाला स्वेटर आणि कानटोपी असते, पोरं बघतच राहतात.

पर्वतीपायथा
हो आणि देवळाच्या आवारातच गणेशमूर्तींचं छोटं संग्रहालय आहे. सगळे दर्शन घेऊन पळतात, तुम्ही बघा.

जुना_पुणेकर_५९
शेजारच्या पेशवे पार्कचं कोणीच कसं बोललं नाही? फुलराणी! 1956 पासूनची छोटी आगगाडी आहे, मी बसलो, माझी मुलं बसली, आता नातवंडं. अधूनमधून दुरुस्तीला बंद असते, तेव्हा आधी चौकशी करून मगच पोरीला सांगा, नाहीतर गेटवर भोकाड. पूर्वी तिथे वाघ-सिंहसुद्धा होते, रात्री डरकाळी ऐकू यायची. प्राणी पुढे कात्रजला नेले, आता तिथे ऊर्जा उद्यान आहे.

चहाबाज_सदाशिव
काका, कात्रजवरून आठवलं. बाबांना खरंच पाण्याचं तळं बघायचं असेल तर कात्रजलाच न्या ना, प्राणिसंग्रहालयाच्या आतच तलाव आहे आणि तोही नानासाहेबांचाच. तिथून जमिनीखालच्या दगडी नळातून पाणी शनिवारवाड्यापर्यंत यायचं, पंप नाही काही नाही, नुसत्या उतारावर. वाटेत हवेचा दाब सुटायला उच्छ्वास (वर उघडे दगडी मनोरे) बांधलेले, आणि गावात पाणी हौदांत पडायचं. काळा हौद, बदामी हौद ही नावं तिथलीच. तिथे पण बोट मिळणार नाही पण पाणी तरी दिसेल!

दोन_पोरांची_आई
बुधवारी बंद असतं ते, बुधवारी जाऊ नका. चालायचं नसेल तर आत बॅटरीवरच्या गाड्या आहेत.

मुक्काम_पोस्ट_वाकड
सगळ्यांचे आभार, आज सकाळी जाऊन आलो. बाबांना तळ्याची गोष्ट सांगितली तर ते आधी पाच मिनिटं गप्प, मग हिरवळीवर उभं राहून मला विचारतायत, "मग आत्ता आपल्या डोक्यावर किती पाणी असतं रे?" मला काय माहीत! आई म्हणाली दर्शनाला चला आधी. कासव दिसलं, दोन दिसली. फुलराणीत भाची दोनदा बसली, दुसऱ्यांदा बाबांना पण ओढून घेऊन गेली, गुडघे मुडपून बसलेत आणि फोटोत मात्र हसतायत.
परवा कात्रज. त्या बॅटरीच्या गाडीला रांग फार असते का? की लवकर जाऊन तिकीट काढून ठेवू?

दोन_पोरांची_आई
सुट्टीच्या दिवशी असते. उघडल्या उघडल्या जा, आणि पाण्याच्या बाटल्या घरून भरून न्या.