रात्री नऊनंतर पिंग उडतो, घरचा सर्व्हर बाहेरून दिसत नाही आणि व्हॅलोरंटची व्हॅन ९००३ एरर (ठाणे–नवी मुंबई)

घोडबंदर_बी३

आमचा पाच जणांचा ग्रुप. दोघं घोडबंदर रोडला, एक कळव्याला, एक ऐरोलीत, एक खारघरला. सगळ्यांकडे डेस्कटॉप आणि विंडोज ११. आठवडाभर काउंटर-स्ट्राइक २ किंवा व्हॅलोरंट, आणि शनिवारी माझ्या पीसीवर सर्व्हर लावून जुनं काउंटर-स्ट्राइक १.६ खेळायचं ठरवलंय.

दुपारी माझा पिंग (पॅकेट सर्व्हरला जाऊन परत यायला लागणारा वेळ) १०-१२ मिलिसेकंद असतो. रात्री नऊ वाजले की मधेच १५०-२०० वर जातो, दोन-चार सेकंद सगळे जागच्या जागी गोठतात, मग परत ठीक. प्लॅन १०० एमबीपीएसचा आहे, स्पीड टेस्टला ९५ भरतात. नेटवाला म्हणतो ३०० चा घ्या. राउटर हॉलमध्ये, पीसी बेडरूममध्ये वायफायवर.

१.६ च्या सर्व्हरसाठी राउटरमध्ये यूडीपी २७०१५ हा पोर्ट (बाहेरून आत यायचं दार) माझ्या पीसीकडे फॉरवर्ड केला, विंडोज फायरवॉलमध्ये परवानगी दिली. घरातल्या लॅपटॉपवरून जोडता येतं, बाहेरून कोणालाच येत नाही.

आणि ऐरोलीवाल्याने नवा पीसी जोडून घेतलाय, त्यावर व्हॅलोरंट उघडलं की व्हॅन ९००३ एरर.

३०० च्या प्लॅनने पहिली अडचण तरी सुटेल का?

रबाळे_रॅक

नाही सुटणार. मोजल्याशिवाय प्लॅनवर एक रुपयाही वाढवू नका.

मॅच चालू असताना गेमला लागतो तो डेटा एक एमबीपीएसच्या आसपास. १०० त्याला पुरून उरतात. स्पीड टेस्ट काही सेकंदांची सरासरी दाखवते, त्यात मधला अर्धा सेकंद लाइन अडकली तर कळतही नाही. शूटरमध्ये नेमका तोच अर्धा सेकंद जीव घेतो.

रात्री नऊनंतर दोन कमांड प्रॉम्प्ट उघडा. एकात राउटरच्या पत्त्याला पिंग लावा (बहुतेक १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१), दुसऱ्यात गूगलच्या ८.८.८.८ ला. दोन्हींच्या शेवटी स्पेस देऊन वजा-टी लिहा, म्हणजे कंट्रोल-सी दाबेपर्यंत चालू राहील. आता डेथमॅचमध्ये शिरा आणि अर्धा तास खेळा. गोठलं की लगेच दोन्ही खिडक्या बघा.

राउटरचाच पिंग उडाला तर दोष घरात आहे, वायफायचा. राउटर १-२ वर शांत आणि ८.८.८.८ उडतोय, तर दोन शक्यता. घरातलं कोणीतरी अपलोड भरून टाकतंय, किंवा ऑपरेटरची लाइन रात्री तुंबतेय. फरक ओळखायचा तर घरातले सगळे मोबाइल, टीव्ही, कॅमेरे पाच मिनिटं वायफायवरून काढा. पिंग बसला तर अपलोड, नाही बसला तर ऑपरेटर.

अपलोडचं लोकांच्या लक्षात येत नाही. संध्याकाळी सगळे घरी येतात, मोबाइल चार्जिंगला लागतो आणि फोटोंचा बॅकअप सुरू होतो. दाराबाहेरचा सीसीटीव्ही क्लाउडवर चढत असतो. राउटरमध्ये पॅकेटांची रांग लागते आणि गेमचं पॅकेट त्या रांगेच्या शेवटी उभं राहतं. राउटरमध्ये एसक्यूएम (ही रांग लहान ठेवणारी सोय) असेल तर ते चालू करून अपलोड आणि डाउनलोडची मर्यादा मोजलेल्या वेगाच्या ८५-९० टक्क्यांवर ठेवा. मर्यादा पूर्ण १०० टक्के ठेवली तर रांग राउटरऐवजी ऑपरेटरच्या उपकरणात लागते आणि काहीच फरक पडत नाही. ऑपरेटरने दिलेल्या डब्यात एसक्यूएम बहुधा नसतं. मग बॅकअप रात्री उशिरा लावा. पीसीवर स्टीमच्या डाउनलोड सेटिंगमध्ये गेम चालू असताना डाउनलोड बंद करा, आणि विंडोज अपडेटच्या अॅडव्हान्स्ड ऑप्शन्समध्ये डिलिव्हरी ऑप्टिमायझेशन बंद करा. नाहीतर तुमचा पीसी अपडेटचे तुकडे दुसऱ्यांच्या पीसीला पुरवत बसतो.

सानपाडा_७

सर्व्हरसाठी राउटरमध्ये डीएमझेड चालू करून त्यात पीसीचा पत्ता टाका, सगळे पोर्ट एकदम उघडतात. फॉरवर्डिंगची भानगडच नको.

खारीगाव_नाका

सानपाडा, हा सल्ला नको. डीएमझेडने विंडोजचा पीसी सगळ्या इंटरनेटसमोर उघडा पडतो, आणि इथे बहुतेक त्याचा उपयोगही होणार नाही.

घोडबंदर, आधी राउटरच्या स्टेटस पानावर वॅनचा (इंटरनेटच्या बाजूचा) आयपी पत्ता बघा. मग ब्राउझरमध्ये कुठल्याही साइटवर स्वतःचा पब्लिक आयपी बघा. दोन्ही सारखे असतील तरच पोर्ट फॉरवर्डिंगला अर्थ आहे. वॅनचा पत्ता १००.६४ ते १००.१२७ मध्ये असेल किंवा १० ने सुरू होत असेल, तर तुम्ही सीजीनॅटमागे आहात. म्हणजे ऑपरेटरने एकच पब्लिक पत्ता अनेक घरांत वाटलाय. बाहेरून येणारं पॅकेट ऑपरेटरच्या उपकरणापाशी थांबतं, कारण ते कोणत्या घराचं हे त्याला माहीत नसतं. तुमच्या राउटरपर्यंत ते पोचतच नाही, मग तिथे काहीही उघडा.

वॅनचा पत्ता १९२.१६८ ने सुरू होत असेल तर बहुधा वेगळी गोष्ट: फायबरचा डबा आणि तुमचा राउटर दोघंही राउटिंग करतायत. डब्याला ब्रिज मोडवर (स्वतः राउटिंग न करता) टाकायला सांगा, किंवा स्वतःचा राउटर नुसता अॅक्सेस पॉइंट करा.

घोडबंदर_बी३

मोजलं. राउटरचा पिंग वायफायवर ३ ते १८० उड्या मारतोय, ८.८.८.८ बरोबर त्याच क्षणी. वॅनचा पत्ता १००.७२ ने सुरू होतो, पब्लिक वेगळाच. हॉल ते बेडरूम मध्ये एक आरसीसीची भिंत, वायर फिरवून न्यायची तर १८ मीटर लागेल.

रबाळे_रॅक

मग निकाल लागला, ऑपरेटरशी भांडायची गरज नाही. वायर टाका.

कॅट ६ ची लॅन केबल २० मीटर घ्या, पण शुद्ध तांब्याची. स्वस्त केबलमध्ये अॅल्युमिनियमवर तांब्याचा मुलामा असतो, ती वाकवली की आतून तुटते. पाकिटावर सीसीए लिहिलेलं असेल तर परत ठेवा. स्कर्टिंगच्या वरून पीव्हीसी पट्टीत न्या, विजेच्या वायरच्या पट्टीतून नको. दोन्ही टोकांच्या प्लगमध्ये तारांचा क्रम एकच, टी५६८बी: पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. जोडल्यावर विंडोजमध्ये लिंक स्पीड बघा. १००० ऐवजी १०० दिसला तर बहुधा एखादी तार क्रिम्पमध्ये बसलेली नाही. गेमला १०० पुरतो, पण अशी अर्धवट जोडणी हळूहळू पूर्णच सुटते, म्हणून टोक पुन्हा मारून घ्या. यानंतर राउटरचा पिंग सलग १ च्या आसपास दिसायला हवा.

वायर टाकेपर्यंत पीसी ५ गिगाहर्ट्झवर ठेवा. २.४ मध्ये एकमेकांवर न चढणारे चॅनल तीनच, १, ६ आणि ११. घोडबंदरच्या टॉवरमध्ये वरखालचे, शेजारचे, समोरच्या विंगचे सगळे राउटर त्या तिघांत कोंबलेले असतात, आणि ते सगळे रात्री नऊलाच जागे होतात. तुमचा पिंग दुपारी शांत असायचं कारण हेच. ५ गिगाहर्ट्झ भिंतीतून कमी जातं, पण गर्दीही कमी. पिंग ठरावीक अंतराने, घड्याळ लावल्यासारखा उडत असेल तर वायफाय कार्ड पार्श्वभूमीत नेटवर्क शोधतंय. विंडोजची लोकेशन सेवा बंद करून बघा.

एक जोड. पावसाळ्यात वीज जाते त्यासाठी राउटरला मिनी यूपीएस घेणार असाल तर अॅडॉप्टरवरचे व्होल्ट आणि अँपिअर वाचून घ्या, बरेच डबे १२ व्होल्टचे असतात. पण घरात फायबर न येता जिन्यातल्या स्विचवरून लॅनची वायर येत असेल तर तो स्विचही विजेवर चालतो. तो बंद पडला की तुमचा यूपीएस नुसता दिवे दाखवेल.

खारीगाव_नाका

सर्व्हरचं. ऑपरेटरकडे स्टॅटिक आयपी मागता येतो, बहुतेक जण त्याचे महिन्याला वेगळे पैसे घेतात. शनिवारच्या एका खेळासाठी ते नको. टेलस्केल किंवा झीरोटियर पाचही पीसींवर टाका. दोन्ही वैयक्तिक वापराला फुकट आहेत. सगळे एका आभासी नेटवर्कवर येतात आणि मित्र तुमच्या त्या नेटवर्कमधल्या पत्त्याला जोडतात. फॉरवर्ड केलेला पोर्ट काढून टाका.

तीन ठिकाणी अडतं. पहिलं, १.६ च्या सर्व्हरमध्ये एसव्ही_लॅन ही सेटिंग १ असेल तर तो स्वतःच्या नेटवर्कबाहेरच्या पत्त्यांना हाकलतो, आणि टेलस्केलचे पत्ते त्याला बाहेरचेच वाटतात. ते ० करा. दुसरं, विंडोज या आभासी अडॅप्टरला पब्लिक नेटवर्क समजलं तर फायरवॉल आडवा येतो. एकतर ते प्रायव्हेट करा किंवा फायरवॉलमध्ये सर्व्हरला पब्लिकसाठीही परवानगी द्या. तिसरं सगळ्यात महत्त्वाचं: टेलस्केलचं स्टेटस बघा. मित्राच्या नावापुढे डायरेक्ट असेल तर उत्तम. रिले असेल तर दोघांच्या नॅटमधून (राउटर आणि ऑपरेटर पत्ते बदलतात त्यातून) थेट वाट निघाली नाही, सगळं तिसऱ्या सर्व्हरवरून फिरतंय आणि पिंग वाढणार. दोघांच्याही राउटरमध्ये आयपीव्ही६ चालू करा. त्यात सीजीनॅट मधे येत नाही, थेट वाट निघायची शक्यता खूप वाढते.

ठाणे–ऐरोली अंतर जवळचं म्हणून पिंग कमीच असेल असं धरू नका. दोघांचे ऑपरेटर वेगळे असतील तर पॅकेट त्यांचे रस्ते जिथे मिळतात तिथूनच जातं, ते दुसऱ्या शहरातही असू शकतं. कमांड प्रॉम्प्टमधल्या ट्रेसर्टने रस्ता दिसतो. मधल्या एखाद्या टप्प्यावर पॅकेट लॉस दिसला आणि शेवटच्या टप्प्यावर नसेल तर दुर्लक्ष करा. मधले राउटर पिंगला उत्तर द्यायला टाळाटाळ करतात, पॅकेट मात्र पुढे सोडतात.

काउंटर-स्ट्राइक २ आणि व्हॅलोरंटच्या मॅचमेकिंगला यातलं काहीच लागत नाही. तिथे सर्व्हर कंपनीचा असतो, तुमच्या घरात बाहेरून कोणी येत नाही.

पाम_बीच_सिग्नल

ऐरोलीवाल्यासाठी. ९००३ म्हणजे सिक्युअर बूट (पीसी सुरू होताना फक्त खात्रीचं सॉफ्टवेअर चालू देणारी सोय) बंद आहे. विंडोज ११ वर व्हॅनगार्डला (व्हॅलोरंटचा चीटिंग रोखणारा प्रोग्राम) टीपीएम २.० (सुरक्षेची चिप) आणि सिक्युअर बूट दोन्ही लागतात.

स्टार्टमध्ये सिस्टम इन्फर्मेशन उघडा. बायोस मोड यूईएफआय (नवी पद्धत) असेल तर काम सोपं. बायोसमध्ये जाऊन सीएसएम (जुन्या पद्धतीने बूट करायची सोय) बंद, सिक्युअर बूट चालू. टीपीएम म्हणजे इंटेलवर पीटीटी आणि एएमडीवर एफटीपीएम, ते चालू आहे ना तेही बघा. काही बोर्डांवर सिक्युअर बूट ‘एनेबल्ड’ दिसतं पण ‘नॉट अॅक्टिव्ह’ असतं. तिथे फॅक्टरी कीज लोड करून रीस्टार्ट करावा लागतो.

बायोस मोड लेगसी (जुनी पद्धत) दिसला तर थांबा. डिस्क एमबीआर पद्धतीची असणार, आणि तशीच ठेवून सीएसएम बंद केलं तर विंडोज बूटच होणार नाही. आधी महत्त्वाच्या फायलींचा बॅकअप, बिटलॉकर चालू असेल तर त्याची रिकव्हरी की मोबाइलमध्ये, मग विंडोजमधलंच एमबीआर-टू-जीपीटी टूल आधी व्हॅलिडेट आणि ते पास झालं तरच कन्व्हर्ट. ग्राफिक कार्ड लॅमिंग्टन रोडवरून जुनं घेतलं असेल तर आणखी एक तपासा: फार जुन्या कार्डांना यूईएफआयचा आधार नसतो, सीएसएम बंद केलं की स्क्रीन काळी राहते.

लॉबीचंही सांगते, पाच जण जमवताना यातच वेळ जातो. स्टीमवर ज्याने आजवर एकूण पाच डॉलरही खर्च केलेले नाहीत त्याचं खातं मर्यादित असतं, त्याला फ्रेंड रिक्वेस्ट पाठवता येत नाही. म्हणून रिक्वेस्ट तुम्ही पाठवा, तो स्वीकारू शकतो. काउंटर-स्ट्राइक २ मध्ये गेम सेटिंगमधला कमाल मॅचमेकिंग पिंग लॉबीतल्या सगळ्यांनी ५०-६० ठेवा, म्हणजे लांबच्या सर्व्हरवर फेकले जाणार नाही. व्हॅलोरंटमध्ये पार्टी कोड काढून ग्रुपवर टाकणं सगळ्यात सोपं, आणि लॉबीतल्या सर्व्हरच्या यादीत फक्त मुंबई ठेवा. एखाद्याचं खातं परदेशात असताना उघडलेलं असेल तर त्याचा रीजन वेगळा असतो. कोड टाकूनही तो येणार नाही, रायटच्या (व्हॅलोरंटच्या कंपनीच्या) सपोर्टला लिहून रीजन बदलून घ्यावा लागतो. डिस्कॉर्डवर आवाज रोबोटसारखा येत असेल तर व्हॉइस चॅनलच्या सेटिंगमध्ये रीजन इंडिया करा.

आणि व्हॅलोरंटच्या कॉम्पिटिटिव्हला दोन, तीन किंवा पाच जणांची पार्टी चालते, चौघांची चालत नाही. प्रत्येकाचं खातं लेव्हल २० पर्यंत पोचलेलं लागतं. ऐरोलीवाल्याचा पीसी दुरुस्त होईपर्यंत तुम्ही चौघंच आहात, तोवर अनरेटेड किंवा स्विफ्टप्ले लावा.